पालखीतला माणूस आणि तोतया

हेरकथांवरील जुने कृष्णधवल चित्रपट ज्यांनी पाहिले असतील, त्यांना त्यांतला एक ठरावीक प्रसंग निश्चित आठवत असेल. एक साधा, पापभीरू मनुष्य असतो. कटकारस्थानांशी त्याचा काडीचाही संबंध नसतो. परंतु एका रात्री कोणीतरी त्याला दुसराच कोणी समजते आणि त्या क्षणापासून त्याचे स्वतःचे नाव त्याच्या उपयोगी पडेनासे होते. आल्फ्रेड हिचकॉक यांचा १९३५ सालचा 'द थर्टीनाइन स्टेप्स' हा चित्रपट याच धाटणीचा. लंडनमध्ये राहावयास आलेल्या रिचर्ड हॅने नावाच्या माणसाच्या घरात एका गुप्तहेर स्त्रीचा खून होतो. पोलीस त्यालाच खुनी समजतात आणि खरे हेरही त्याच्या मागावर असतात. पळता पळता तो एका सभागृहात शिरतो, तर तेथील मंडळी त्याला निवडणूक सभेचा वक्ता समजतात आणि बिचाऱ्याला व्यासपीठावरून भाषण करावे लागते! प्रेक्षक हसतात. कारण अंधारात बसलेल्या प्रत्येक प्रेक्षकाला तो खरा कोण आहे हे ठाऊक असते.

इतिहासात मात्र अशी सोय नाही. तेथे प्रेक्षक आणि पात्रे एकाच अंधारात असतात. समोर उभा असलेला माणूस तोच आहे की दुसरा, हे पुरते कोणालाच ठाऊक नसते. तरीही कोणालातरी पुढे होऊन 'हाच तो' किंवा 'हा तो नव्हे' असे सांगावे लागते. त्या दोन-तीन शब्दांवर एखाद्याचे प्राण, प्रसंगी राज्यही, अवलंबून असते. अशा ओळखीच्या आणि गैरओळखीच्या कथांनी आपला मराठी इतिहास भरलेला आहे. त्यांपैकी एक तर आम्ही ज्या वऱ्हाडात सेवाकार्य करीत आहोत त्या वऱ्हाडच्या मातीतच घडली. त्या कथांतून ख्रिस्ती वाचकाने काय घ्यावे, याचा थोडा विचार करावा, एवढ्यासाठीच हा लेखप्रपंच.

पन्हाळ्याची पालखी, आग्ऱ्याची खाट

छत्रपती शिवरायांचे हेरखाते नावाजलेले होते. बहिर्जी नाईकांचे नाव लहान मुलांनाही ठाऊक असते. हेराचे मुख्य शस्त्र म्हणजे सोंग. तो फकीर होतो, गोसावी होतो, व्यापारी होतो आणि आपली खरी ओळख घरी ठेवून शत्रूच्या मुलखात हिंडतो. परंतु सोंगाची खरी कसोटी लागली ती जुलै १६६० मध्ये पन्हाळ्यावर. सिद्दी जौहरचा वेढा महिनोन्‌महिने चालला होता. त्या पावसाळी रात्री किल्ल्यातून दोन पालख्या निघाल्या. एकीत महाराज होते. दुसरीत महाराजांचा पोशाख केलेला शिवा काशीद होता. नेबापूर गावचा हा नाभिक तरुण रूपाने महाराजांसारखा दिसे, असे परंपरा सांगते. शत्रूने त्याची पालखी पकडली. 'शिवाजी सापडला' म्हणून सिद्दीच्या छावणीत आनंद झाला, आणि तेवढ्या वेळात महाराज विशाळगडाच्या वाटेस लागले. खरा प्रकार उघडकीस येताच शिवा काशीदला प्राणास मुकावे लागले. आज पन्हाळ्यावर त्याचे स्मारक उभे आहे.

सहा वर्षांनी, ऑगस्ट १६६६ मध्ये, आग्ऱ्याच्या नजरकैदेतून महाराज निसटले, तेव्हाही गैरओळखीनेच काम केले. हिरोजी फर्जंद महाराजांच्या खाटेवर पांघरूण घेऊन निजला. महाराजांची अंगठी घातलेला हात तेवढा त्याने बाहेर ठेवला आणि मदारी नावाचा पोरगा पाय चेपीत बसला, अशी हकिकत बखरींनी जतन केली आहे. पहारेकऱ्यांनी हात पाहिला, अंगठी पाहिली आणि त्यांचे समाधान झाले.

या दोन्ही कथांत फसवणूक आहे, हे खरे. परंतु ती करणाऱ्याने स्वतःसाठी काहीच मागितलेले नाही. शिवा काशीदने दुसऱ्याचे नाव अंगावर घेतले ते दुसऱ्याचे मरण अंगावर घेण्यासाठी. ही गोष्ट वाचकांनी मनाशी धरून ठेवावी, कारण पुढे जी पात्रे येणार आहेत त्यांनीही दुसऱ्याचे नाव घेतले. मात्र त्यांना त्या नावाबरोबर येणारे मरण नको होते, केवळ मान हवा होता.

पानिपतावर न सापडलेला माणूस

१४ जानेवारी १७६१ रोजी पानिपतावर काय घडले ते नव्याने सांगण्याची गरज नाही. पराभवाची वार्ता पेशव्यांस कळली तीही सांकेतिक भाषेत. मोती गळाले, मोहरा हरवल्या आणि खुर्दा किती गेला त्याची गणतीच नाही, अशा आशयाचे सावकारी पत्र त्यांच्या हाती पडले, असे सांगतात. दोन मोत्यांपैकी एक विश्वासराव आणि दुसरा सदाशिवरावभाऊ. विश्वासरावांचे शव मिळाले व ओळखलेही गेले. भाऊंच्या बाबतीत मात्र संशय राहिला. रणांगणावर एक शिरविरहित धड सापडले. अंगावरील खुणांवरून ते भाऊंचे ठरविण्यात आले. मागाहून शिरही मिळाले म्हणतात, आणि त्यांवर अग्निसंस्कार झाले. शुजाउद्दौल्याच्या पदरी असलेल्या काशीराज पंडिताने ही हकिकत लिहून ठेवली आहे.

परंतु पुण्यात ती मनापासून मानली कोणी? भाऊंच्या पत्नी पार्वतीबाई यांनी पतीचे निधन कधीच मान्य केले नाही. अखेरपर्यंत त्या सौभाग्यचिन्हे धारण करूनच राहिल्या. आणि त्या एकट्याच होत्या असे थोडेच आहे? मराठी मुलखात घरटी एक माणूस पानिपतावर गेला होता, असे आपण म्हणतो. ज्यांचे देह घरी आले नाहीत, ज्यांचे अखेरचे वर्तमान कोणी आणले नाही, त्यांच्या आयाबायांनी आणि मुलांनी काय केले असेल? त्यांनी वाट पाहिली असेल. वाट पाहणारे डोळे हे मोठे विलक्षण असतात. त्यांना दूरवरची प्रत्येक आकृती ओळखीची वाटते.

अशा वेळी उत्तरेत एक मनुष्य प्रकट झाला. आपण सदाशिवरावभाऊ असून रणातून वाचलो, असे तो सांगू लागला. तो बुंदेलखंडाकडील कनोजी ब्राह्मण होता. त्याचे नाव सुखनिधान असे सांगितले जाते. चेहरामोहरा भाऊंशी मिळताजुळता असल्याने लोकांची गर्दी जमू लागली. १७६५ च्या सुमारास त्यास पकडून पुण्यास आणले. थोरल्या माधवराव पेशव्यांनी चौकशी करविली, तो तोतया असल्याचे सिद्ध झाले आणि त्याची रवानगी किल्ल्यावर कैदेत झाली. देहदंड दिला नाही. एका किल्ल्यावरून दुसऱ्यावर असे करीत तो शेवटी रत्नागिरीस येऊन पडला.

येथेच हे प्रकरण संपावयाचे. परंतु तसे व्हायचे नव्हते. १७७३ मध्ये नारायणराव पेशव्यांचा खून झाला. राघोबादादा इंग्रजांच्या आश्रयास गेले. गादीवर सवाई माधवराव हे तान्हे मूल होते. राज्याला कर्ता पुरुष हवा होता, आणि कर्ता पुरुष म्हटला की लोकांच्या मनात भाऊंचेच नाव येई. १७७६ मध्ये रत्नागिरीचा अधिकारी रामचंद्र नाईक परांजपे याने या कैद्याला मोकळे केले, एवढेच नव्हे तर त्याच्या नावाने द्वाही फिरविली. पाहता पाहता कोकणातील किल्ले त्यास मिळू लागले. त्याची फौज वीस हजारांवर गेल्याचे सांगतात. तोतयाचे हे बंड मोडण्यास महादजी शिंदे आणि भिवराव पानसे यांना जावे लागले. पराभव होताच तो समुद्रमार्गे मुंबईकडे पळत असता रघुजी आंग्रे यांनी त्यास पकडले. पुन्हा चौकशी झाली, साक्षी झाल्या आणि १८ डिसेंबर १७७६ रोजी पुण्यात त्यास ठार करण्यात आले.

या सगळ्या धामधुमीत दोन माणसांकडे आमचे लक्ष पुनःपुन्हा जाते. एक नाना फडणवीस आणि दुसरे महादजी शिंदे. दोघेही पानिपतावर होते. दोघांनीही खऱ्या भाऊंना जवळून पाहिले होते. महादजींच्या पायाला त्या दिवशी कायमचे अधूपण आले. नानांची आई त्या पळापळीत अंतरली, ती पुन्हा भेटली नाही. म्हणजे 'आपले माणूस कदाचित जिवंत असेल' या आशेची चव नानांनाही माहीत होती. भाऊ परत यावेत असे त्यांना वाटत नसेल काय? तरीही त्यांनी आपल्या दुःखाला साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभे केले नाही. ज्यास पाहिले होते त्याची साक्ष काढली, जे हवेसे वाटत होते त्याची नव्हे.

येथे पवित्र शास्त्रातील उत्पत्तीच्या पुस्तकातला वृद्ध इसहाक आठवतो. डोळे मंदावलेले, समोर धाकटा याकोब थोरल्या एसावाची वस्त्रे घालून, हातांवर करडांची कातडी गुंडाळून उभा. आवाज एकाचा आणि हात दुसऱ्याचा, हे म्हाताऱ्यास जाणवले होते. तरी त्याने हातांवर विश्वास ठेवला आणि आशीर्वाद देऊन टाकला. इसहाकाची दृष्टी वयाने गेली होती. कोकणातील त्या हजारो लोकांची दृष्टी दुःखाने आणि काहींची लोभाने गेली होती. फसविणारा एकटा कधीच फसवू शकत नाही. फसावयास उत्सुक असलेले मन त्याला अर्धी वाट चालून सामोरे जाते.

वऱ्हाडात आलेले आप्पासाहेब

आता आमच्या वऱ्हाडाकडे वळू. वाशीम ही वाकाटकांच्या एका शाखेची राजधानी. तेव्हाचे तिचे नाव वत्सगुल्म. पुढे येथे भोसल्यांचा अंमल आणि निजामाचा अंमल यांची सरमिसळ झाली. वाशीमचे प्रसिद्ध बालाजी मंदिर भोसल्यांच्या भवानी काळू या अधिकाऱ्याने बांधविले. १८०३ च्या देवगावच्या तहाने भोसल्यांचा वऱ्हाडावरील हक्क संपला व तो निजामाकडे गेला. परंतु हक्क गेला म्हणून आठवण जात नाही. नागपूरच्या राजाचे नाव या मुलखात घेतले की लोक अजून कान टवकारीत.

त्या राजांपैकी आप्पासाहेब भोसले यांची हकिकत एखाद्या हेरपटात शोभावी अशी आहे. नोव्हेंबर १८१७ मध्ये सीताबर्डीच्या लढाईत इंग्रजांपुढे त्यांचा पराभव झाला. पुढील वर्षी त्यांना पदच्युत करून कैदी म्हणून प्रयागच्या दिशेने नेण्यात येऊ लागले. मे १८१८ मध्ये जबलपूरच्या वाटेवर मुक्काम असताना ते रात्री शिपायाचा वेष करून निघून गेले. पहारा बदलताना अधिकाऱ्याने तंबूत डोकावले, तर राजेसाहेब खाटेवर निजलेले आणि सेवक त्यांचे पाय चेपीत बसलेले! प्रत्यक्षात सेवक चेपीत होते ती उशी होती. आग्ऱ्याच्या खाटेची ही दीडशे वर्षांनंतरची आवृत्ती. त्या सेवकांनी जुनी कथा ऐकली असेल की नाही, कोण सांगणार?

आप्पासाहेब गोंड राजांच्या आश्रयाने महादेवाच्या डोंगरात राहिले, तेथून अशीरगडाकडे, पुढे पंजाबात, आणि शेवटी जोधपूरला महाराज मानसिंगांकडे पोहोचले. शरण आलेल्यास हवाली करणार नाही, असे मानसिंगांनी इंग्रजांस सांगितले. तेथेच १८४० मध्ये आप्पासाहेबांचा अंत झाला.

राजस्थानातील मृत्यूची ही वार्ता वऱ्हाडच्या खेड्यापाड्यांत पोहोचली असेल का, आणि पोहोचली तरी तिच्यावर किती जणांनी विश्वास ठेवला असेल? जो मनुष्य खाटेवर उशी ठेवून नाहीसा होतो, तो चितेवरूनही नाहीसा होऊ शकेल, असे लोकांस वाटले तर नवल नाही. १८४९ मध्ये वऱ्हाडात एक जण उभा राहिला आणि आपणच आप्पासाहेब भोसले असे सांगू लागला. रोहिले आणि इतर भाडोत्री शिपाई त्याच्याभोवती जमले. निजामाच्या नावे असलेल्या परंतु इंग्रज अधिकाऱ्यांच्या हाताखालील कॉन्टिन्जंट फौजेने त्याचा पाठलाग केला, लढाई झाली आणि तो पकडला गेला. त्याच कॉन्टिन्जंटच्या थकलेल्या खर्चापायी निजामाने १८५३ मध्ये वऱ्हाड इंग्रजांच्या हाती दिला. पुढेही येथे रोहिल्यांचा उपद्रव चालूच होता. आमच्या जिल्ह्यातील रिसोडजवळ चिचांबा येथे १८५९ मध्ये त्यांच्याशी चकमक झाली.

या तोतयाला पुण्याच्या तोतयाएवढे नाव मिळाले नाही. त्याच्यावर कोणी नाटक लिहिले नाही. परंतु त्याच्या मागे जे शेतकरी उभे राहिले असतील, त्यांचा विचार मनातून जात नाही. सारावसुलीने पिचलेल्या माणसाला एखादे जुने नाव पुन्हा ऐकू आले, की ते त्याला आधारासारखे वाटते. नाव खरे की खोटे याची खात्री करून घेण्याइतके त्राण त्याच्यात उरलेले नसते. तोतयाचे खरे पाप येथे आहे. तो केवळ एका मृत राजाचे नाव चोरीत नाही. तो जिवंत गरिबांची आशा चोरतो.

नानासाहेब म्हणून पकडलेले

तिसरी कथा याच्या अगदी उलट आहे. येथे नाव चोरावे लागत नाही. ते दुसऱ्याच्या गळ्यात अडकविले जाते.

दुसऱ्या बाजीरावांचे दत्तक पुत्र धोंडोपंत, म्हणजेच नानासाहेब पेशवे, यांचा जन्म कर्जतजवळच्या वेणगावचा. १८५७ च्या उठावात कानपूर येथे २७ जूनला सतीचौरा घाटावर आणि १५ जुलैला बीबीघरात इंग्रजांची, त्यांच्या स्त्रियांची व मुलांची जी हत्या झाली, तिने सारे इंग्लंड हादरून गेले. त्यानंतर इंग्रजांनी घेतलेला सूडही तितकाच अमानुष होता. कित्येक निरपराध लोक झाडांना लटकविले गेले. नानासाहेब १८५९ मध्ये नेपाळच्या तराईत शिरले आणि तेथेच वारल्याचे वर्तमान आले. इंग्रजांना त्याची खात्री वाटेना. त्यांच्यावर एक लाख रुपयांचे इनाम लावलेले होते. हेर आणि खबरे देशभर फिरू लागले.

एक लाख रुपये आणि एक वर्णन! वाचकांनी क्षणभर कल्पना करावी. मध्यम वयाचा, मराठी वळणाचा, एकटा हिंडणारा कोणीही गोसावी, यात्रेकरू किंवा बैरागी आता लाख मोलाचा झाला. १८६३ मध्ये अजमेर येथे एकास नाना म्हणून पकडले; तो नाना नव्हता. मधल्या काळात आणखीही काही जणांवर हा प्रसंग ओढवला. सर्वांत गाजले ते १८७४ चे प्रकरण. ग्वाल्हेरच्या जयाजीराव शिंद्यांनी एका इसमास नानासाहेब म्हणून पकडून इंग्रजांच्या स्वाधीन केले. त्या इसमाने प्रथम आपण नाना असल्याचे मान्य केले आणि मागाहून नाकारले. त्यास मोरारच्या छावणीत ठेवून ओळख पटविण्याचे काम सुरू झाले.

ज्यांना त्यासाठी बोलावले त्यांत मौब्रे थॉमसन हे अधिकारी होते. सतीचौरा घाटावरील गोळीबारातून जे मोजके इंग्रज पुरुष पोहून जिवंत बाहेर पडले, त्यांपैकी हे एक. आपले सोबती डोळ्यांदेखत पडलेले त्यांनी पाहिले होते. पूर्वी कानपूरला असलेले आणि नानांस ओळखणारे डॉक्टर ट्रेसिडर हेही होते. सतरा वर्षे जो सूड अपुरा राहिला होता, तो पुरा होण्यास आता एका होकाराचाच अवकाश होता. वर्तमानपत्रे होकाराची वाट पाहत होती. परंतु सर्व साक्षींची छाननी होऊन निष्कर्ष निघाला तो असा, की हा मनुष्य नानासाहेब नव्हे.

परकीय सत्तेचे गुणगान करण्याचा आमचा हेतू नाही. १८५७ साली ज्यांना अशी चौकशी लाभली नाही त्यांची संख्या मोठी आहे, हे आम्ही वर सांगितलेच आहे. तरीही १८७४ चा तो नकार आम्हांला मोलाचा वाटतो. ज्या साक्षीदारांच्या मनात द्वेषाला भरपूर कारण होते, त्यांच्या डोळ्यांना द्वेषाने पुरते आंधळे केले नाही. पुढे १८९५ च्या सुमारास एका तरुण अधिकाऱ्याने नाना सापडल्याची तार केली, तेव्हा त्याला वरून उत्तर आले ते ताबडतोब सोडून देण्याचे, असा किस्सा सांगितला जातो. सूडालाही कधीतरी थकवा येतो!

गेथसेमनीच्या बागेत

या तिन्ही प्रकारांची माणसे आम्हां ख्रिस्ती जनांस परकी नाहीत. प्रभू येशूच्या दुःखसहनाची कथा ही एका अर्थाने ओळखीचीच कथा आहे. रात्रीची वेळ, झाडांची दाटी, मशालींचा उजेड. पकडावयास आलेल्यांकडून चूक होऊ नये म्हणून यहूदाने एक खूण ठरविली होती, आणि ती खूण म्हणजे चुंबन. प्रेमाचे चिन्ह हेराचा इशारा झाले. त्यानंतर काही तासांतच अंगणातील शेकोटीपाशी पेत्राला एका दासीने ओळखले, आणि त्याने आपण त्या माणसाला ओळखतच नाही असे तीनदा सांगितले. एकाने खरी ओळख विकली, दुसऱ्याने भीतीपोटी नाकारली. मग पिलाताच्या चौथऱ्यासमोर लोकांपुढे दोघे उभे केले गेले. मत्तयाच्या शुभवर्तमानाच्या काही प्राचीन हस्तलिखितांत बरब्बाचे नावही येशू असेच दिले आहे. बरब्बा या शब्दाचा अर्थ 'पित्याचा पुत्र'. एकाच नावाचे दोघे. आणि जमावाने चुकीचा निवडला.

आणि स्वतः प्रभू? योहान सांगतो की बागेत तेच पुढे झाले. कोणाला शोधता, असे त्यांनीच विचारले, तो मीच असे सांगितले आणि माझ्या सोबत्यांना जाऊ द्या असे म्हटले. यहूदाच्या खुणेची त्यांनी गरजच ठेवली नाही. पन्हाळ्याच्या पालखीतला माणूस आठवावा असा हा क्षण. अर्थात उपमा पूर्णपणे जुळत नाही. शिवा काशीदला आपले नाव लपवावे लागले. प्रभूने आपले नाव उघड सांगितले आणि आमच्या पापाचे नाव अंगावर घेतले. परंतु दुसऱ्याला वाट मोकळी व्हावी म्हणून स्वतःला पकडू देणे, हे दोन्ही ठिकाणी आहे.

आरंभी उल्लेखिलेले हिचकॉक हे कॅथॉलिक घरात वाढलेले आणि जेझुइट धर्मगुरूंच्या शाळेत शिकलेले. १९५६ मध्ये त्यांनी 'द राँग मॅन' हा कृष्णधवल चित्रपट काढला. ती कल्पित कथा नव्हती. न्यूयॉर्कमधील बॅलेस्ट्रेरो नावाच्या एका कॅथॉलिक वादकाला १९५३ मध्ये विमा कंपनीच्या कचेरीतील कर्मचारी स्त्रियांनी दरोडेखोर म्हणून ओळखले. त्या खोटे बोलत नव्हत्या; त्यांना खरेच तसे वाटले. खटला चालला, पत्नीच्या मनाचा तोल गेला, आणि अखेर खरा गुन्हेगार सापडला. चित्रपटात तो वादक आईच्या सांगण्यावरून येशूच्या चित्रासमोर प्रार्थना करतो आणि त्याच वेळी पडद्यावर त्याच्या चेहऱ्यावर खऱ्या गुन्हेगाराचा चेहरा उमटतो. दोघांत साम्य आहे, परंतु तेवढेही नाही! पाहणाऱ्याला घाम फुटतो.

आज हे सर्व लिहिण्याचे कारण काय? तोतयांचा आणि राजांचा काळ संपला असे आपण म्हणतो. परंतु १ जुलै २०१८ रोजी, एका रविवारी, धुळे जिल्ह्याच्या साक्री तालुक्यातील राईनपाडा या गावी पाच माणसे जमावाने मारून टाकली. ती नाथपंथी डवरी गोसावी समाजाची, सोलापूर जिल्ह्यातून भिक्षा मागत आलेली होती. मुले पळविणारी टोळी फिरत असल्याची अफवा मोबाईलवरून पसरली होती. कोणीतरी बोट दाखविले असेल, 'हेच ते' असे म्हटले असेल. तेथे चौकशी नव्हती, साक्ष नव्हती, 'हे ते नव्हेत' असे म्हणणाऱ्याचा आवाज ऐकला गेला नाही. सदाशिवरावांच्या तोतयालाही दोन वेळा चौकशी लाभली. त्या पाच निरपराधांना एकदाही लाभली नाही.

आमच्या वाशीम जिल्ह्यातही सुगी झाली की बहुरूपी येतात. कोणी पोलीस होतो, कोणी वैद्य होतो; मुले आधी घाबरून आत पळतात आणि मग हसत बाहेर येतात. हल्ली मात्र त्यांच्या मागे संशयाचे डोळे फिरताना दिसतात. आम्ही आमच्या धर्मग्रामातील कुटुंबांना एवढेच सांगत असतो, की अनोळखी माणूस दारी आला तर त्याला पाणी द्या, नाव-गाव विचारा, संशय वाटला तर पोलिसांना कळवा. परंतु जमाव जमवू नका आणि जमलेल्या जमावात गप्प उभे राहू नका. पेत्राने ओळख असून नाकारली, त्याचे त्याला रडू आले. ओळख नसताना 'हाच तो' म्हणणाऱ्याला रडण्याचीही संधी मिळेल की नाही, सांगवत नाही.

आणि हे केवळ राईनपाड्याचेच नाही. चावडीवर, बाजारात, प्रार्थनेनंतर चर्चच्या आवारातही आपण माणसांना नावे देत असतो. हा चोर, ती तसली, ते लोक असेच. ऐकीव गोष्टीवर दिलेले नाव जन्मभर चिकटते. ज्याला ते चिकटले तो मोरारच्या कैद्यासारखा दुसऱ्याच्या नावाने जगत राहतो, आणि त्याची ओळख तपासण्यासाठी कोणी दूरवरून येत नाही.

पुनरुत्थानाच्या सकाळी मरिया मग्दालेनाने प्रभूंना पाहिले तेव्हा ते माळी आहेत असे तिला वाटले. तिचे डोळे अश्रूंनी भरलेले होते, पानिपतानंतरच्या कितीतरी डोळ्यांसारखे. तिला ओळख पटली ती चेहऱ्यावरून नव्हे, खुणेवरून नव्हे, अंगठीवरून तर नव्हेच. प्रभूंनी तिला तिच्या नावाने हाक मारली, तेव्हा तिने ओळखले.